आपोआप घातलेली वेणी

(रेडिओवरच्या दुपारच्या कार्यक्रमात ही गोष्ट सांगितली, तेव्हा काही गटांनी ती लिहून मागितली. बोलली तशीच इथे छापत आहोत.)

हातातलं काम चालू राहू द्या. कुणी शेंगा फोडत असेल, कुणी डाळ निवडत असेल, कुणी गोधडीला टाके घालत असेल. मला तुमचे कान तेवढे हवेत.

आज एका वेणीची गोष्ट सांगते.

डोळ्यांपुढे हॉटेलातली एक खोली आणा. खुर्चीवर एक बाई बसली आहे. लांबच्या प्रवासातून आलेली, दमलेली. तिचे केस आपोआप मोकळे होतात. ब्रश उठतो आणि कुणाचा हात लागलेला नसताना तिच्या केसांवरून फिरायला लागतो. मग केसांचे पेड पडतात आणि वेणी आपली आपणच घातली जाते. बाई नुसती बसून आहे, मजेत. तिच्या नवऱ्याचे बूट ब्रश येऊन चकचकीत करून जातात. त्याची दाढीही अशीच होते, वस्तरा चालवायला माणूस नाही. बॅगा स्वतःच चालत खोलीत आलेल्या असतात, त्यांतले कपडे स्वतःच कपाटात जाऊन बसतात. टाक कागदावर पळतो आणि घरच्यांना खुशालीचं पत्र लिहून होतं.

तुम्ही म्हणाल, असं हॉटेल कुठे आहे ते सांगा, आम्ही उद्याच निघतो!

हे हॉटेल एका सिनेमात आहे. सिनेमाचं नाव ‘विजेचं हॉटेल’, स्पॅनिश भाषेत ‘एल ओतेल एलेक्त्रिको’. साल १९०८. तेव्हा सिनेमाला आवाज नव्हता. पडद्यावर चित्रं हलायची आणि थिएटरात कुणीतरी पियानो वाजवायचं. हा सगळा सिनेमा आठ-नऊ मिनिटांचा आहे. ज्या काळात युरोपातल्या पुष्कळ घरांत वीज पोचलेली नव्हती, त्या काळात सगळं घरकाम वीज करते आहे असं स्वप्न त्यात दाखवलं. पुढे काय होतं ठाऊक आहे? तळघरात विजेची बटणं सांभाळणारा गडी दारू पिऊन येतो आणि भलतीच बटणं ओढतो. मग खोलीतल्या खुर्च्या, टेबल, पलंग सगळं गरागरा फिरायला लागतं आणि नवरा-बायकोची त्रेधा उडते. दारूने घर कसं फिरतं हे आपल्याला सांगायला नको.

खुर्चीवरच्या त्या बाईचं नाव ज्युलियेन मात्यू. शेजारचा पुरुष म्हणजे सेगुंदो दे चोमोन. सिनेमात ती दोघं नवरा-बायको आहेत, आणि खऱ्या आयुष्यातही होती. चोमोनचं नाव आज सिनेमाच्या इतिहासात आहे. स्पेनचा पहिला मोठा चित्रजादूगार म्हणून त्याला मान देतात. ज्युलियेनचं नाव फार थोड्या लोकांना माहीत आहे. म्हणून आज तिच्याकडून गोष्ट सुरू करू.

आधी मला सांगा, ती वेणी घातली कुणी?

सिनेमाची फिल्म म्हणजे एक लांबलचक पट्टी असते. तिच्यावर एकापाठोपाठ एक स्थिर फोटो असतात. त्या काळी सेकंदाला साधारण १६ फोटो डोळ्यांपुढून जायचे, आणि ते इतक्या भरभर जायचे की आपल्याला माणूस हलतोय असं वाटायचं. कॅमेऱ्याला हाताने फिरवायचा दांडा होता, शिवणयंत्राला असतो तसा. तो एकसारखा फिरवत राहिलं की चित्रण होत राहतं. चोमोनने तो दांडा थांबवत थांबवत फिरवला. एक फोटो घ्यायचा आणि थांबायचं. ब्रश बोटभर पुढे सरकवायचा, हात काढून घ्यायचा, दुसरा फोटो घ्यायचा. पुन्हा थांबायचं. हात कुठल्याच फोटोत येत नाही. मग पडद्यावर ब्रश स्वतःच चालल्यासारखा दिसतो.

आता हिशोब करा. पडद्यावरच्या नुसत्या १० सेकंदांसाठी १६० फोटो लागतात. म्हणजे १६० वेळा थांबायचं. प्रत्येक वेळी केसांचा पेड थोडासा वळवायचा, बाजूला व्हायचं, फोटो घ्यायचा, परत जवळ यायचं. आणि एवढा सगळा वेळ ज्युलियेनने खुर्चीवर तशीच मान धरून बसायचं. मान तसूभर हलली तर पडद्यावर डोकं झटका खाल्ल्यासारखं दिसणार. वर चेहऱ्यावर मजेचा भाव, जसं काही कष्टच नाहीत! शाळेच्या वेळेला लेकीची वेणी घालताना ‘हलू नको गं’ असं आपण किती वेळा म्हणतो, ते आठवा. मग तिचं बसणं किती अवघड होतं ते कळेल.

पडद्यावर जे आपोआप झालेलं दिसतं, त्यात सगळ्यात जास्त हात लागलेले असतात. आजच्या गोष्टीत एवढंच लक्षात ठेवा, बाकीचं मी सांगत जाते.

आता थोडं मागे जाऊ. चोमोन स्पेनमधल्या तेरुएल गावचा. जन्म १८७१ चा. तरुणपणी तो पॅरिसला आला. पॅरिस ही फ्रान्सची राजधानी, आणि तिथेच १८९५ च्या डिसेंबरात लुमिए बंधूंनी तिकीट लावून सिनेमा दाखवला होता. ज्युलियेन फ्रान्सचीच. दोघांची गाठ पडली, संसार सुरू झाला, रोबेर नावाचा मुलगा झाला. त्याच सुमारास स्पेनचं क्युबा बेटावर युद्ध चाललं होतं. चोमोन सैन्यात भरती होऊन समुद्रापार गेला. युद्ध स्पेन हरलं. इतिहासकार असं सांगतात की सिनेमाच्या धंद्यात आधी पाऊल पडलं ते ज्युलियेनचं, आणि तिच्यामागून चोमोन त्यात आला.

तिचं काम होतं फिल्म रंगवण्याचं.

हे काम कसं असतं ते ऐका. तेव्हाची फिल्म काळी-पांढरी. रंगीत चित्र पकडणारी फिल्म बाजारात नव्हती. पण लोकांना रंग हवे असत. परीचा झगा गुलाबी हवा, जाळ पिवळा हवा, राक्षस लाल हवा. मग फिल्मच्या पट्टीवर एकेक फोटो हाताने रंगवायचा. फिल्मची पट्टी ३५ मिलिमीटर रुंद, म्हणजे जेमतेम दोन बोटं. त्यावरचा एक फोटो टपालाच्या छोट्या तिकिटाएवढा. त्यात उभी असलेली बाई नखाएवढी, आणि तिचा चेहरा तिळाएवढा. भिंग लावून, बारीक केसांच्या कुंचल्याने त्या नखाएवढ्या बाईचा झगा रंगवायचा. रंग रेषेबाहेर गेला तर पडद्यावर तो हातभर पसरलेला दिसणार.

तीन मिनिटांच्या सिनेमात साधारण २,९०० फोटो. पाच रंग लावायचे म्हटले तर तीच पट्टी पाच वेळा हाताखालून जाणार. आणि हे झालं एका प्रतीचं. दुसऱ्या गावच्या थिएटरला दुसरी प्रत लागते. तिच्यासाठी पुन्हा पहिल्यापासून.

हे काम जवळजवळ सगळं बायका करायच्या. पॅरिसमध्ये एलिझाबेथ त्विलिए नावाच्या बाईंचा असा रंगकारखाना होता. मेलिएस नावाच्या प्रसिद्ध चित्रजादूगाराचे सिनेमे तिथे रंगत. म्हातारपणी, १९२९ मध्ये, या बाईंनी आपल्या कामाची हकिकत सांगून ठेवली म्हणून ती आपल्याला कळते. त्यांच्या हाताखाली २२० बायका होत्या. एका बाईकडे एकच रंग. लाल रंगाची बाई फक्त लाल लावणार, मग पट्टी हिरव्या रंगाच्या बाईकडे जाणार. कधी कधी एका सिनेमाला २० हून जास्त रंग लागत. रात्री जागून त्विलिएबाई कुठे कोणता रंग हे ठरवत आणि दिवसा कामगार बायका ते उतरवत. त्या २२० बायकांपैकी एकीचंही नाव सिनेमावर आलं नाही.

विडी वळणारी, पापड लाटणारी, गोंडे करणारी, मणी ओवणारी बाई या खोलीत गेली असती, तर तिला काही नवल वाटलं नसतं. खाली झुकलेल्या माना, दुखणारे डोळे, आणि ‘बायकांची बोटं नाजूक म्हणून हे काम बायकांचं’ असं सांगणारे लोक. नाजूक बोटांना मजुरीही नाजूकच असते, हा अनुभव सगळ्या जगाचा आहे.

१९०२ च्या सुमारास चोमोन आणि ज्युलियेन स्पेनला, बार्सिलोना शहरात आले. बार्सिलोना समुद्रकाठचं, कापडगिरण्यांचं शहर. स्पेनमधल्या सिनेमाचा जोर तिथेच होता. तिथल्या फ्रुक्तुओस गेलाबेर्त नावाच्या माणसाने १८९७ मध्ये कॉफीच्या दुकानातल्या मारामारीचा छोटा सिनेमा केला होता. स्पेनमधला पहिला गोष्टीचा सिनेमा तो हाच, असं मानतात. अशा या शहरात या जोडप्याने फिल्म रंगवण्याचा कारखाना काढला. पाते नावाच्या मोठ्या फ्रेंच कंपनीच्या फिल्मा त्यांच्याकडे येत. त्यांवर रंग चढवायचा, फ्रेंच पाट्या काढून स्पॅनिश पाट्या घालायच्या आणि त्या स्पेनच्या बाजारात पाठवायच्या.

आता चोमोन कॅमेऱ्याच्या खटपटीत हुशार होता यात शंका नाही. बार्सिलोनात त्याने स्वतःचे सिनेमे काढायला सुरुवात केली. खेळण्यातल्या गाड्या वापरून आगगाड्यांची टक्कर दाखवली. पण कारखान्याचा पाया होता रंगकाम, आणि ते काम त्या घरात ज्युलियेनने आणलं होतं. नवऱ्याच्या नावाच्या पाटीखाली बायकोचं कौशल्य चालावं, ही काही फक्त स्पेनची गोष्ट नाही.

रंगकामात पुढे एक सोपी पद्धत आली. ती तुम्हाला मी सांगायच्या आधीच समजेल, कारण दिवाळीत आपण ती वापरतो. रांगोळीचा छापा! पत्र्याला भोकं पाडलेली असतात, वरून रांगोळी टाकली की खाली फूल उमटतं. तसंच फिल्मचं. एका प्रतीतला फक्त लाल भाग कापून टाकायचा, तो झाला लाल रंगाचा छापा. दुसऱ्या प्रतीतला हिरवा भाग कापला की हिरव्याचा छापा. मग तो छापा मूळ फिल्मवर ठेवून रंग फिरवायचा. एकदा छापे झाले की पुष्कळ प्रती भराभर रंगवता येतात. पाते कंपनीच्या मोठ्या कारखान्यात ही पद्धत वापरात आली आणि तिथे शेकडो बायका छापे कापायच्या कामावर बसल्या. पुढे कापण्यासाठी विजेवर चालणारी सुईसुद्धा आली. ही पद्धत घडवणाऱ्यांत चोमोनचंही नाव घेतात.

१९०५ मध्ये पाते कंपनीने चोमोनला पॅरिसला बोलावून घेतलं. आता ज्युलियेन रंगाच्या टेबलावरून उठून पडद्यावर आली. पुढची चार-पाच वर्षं ती नवऱ्याच्या कितीतरी सिनेमांत दिसते. कधी परी, कधी जादूगारीण, कधी नुसती हॉटेलात आलेली पाहुणी.

त्यातले दोन सिनेमे सांगते.

एक आहे १९०७ चा ‘तांबडं भूत’. जमिनीखालची गुहा, भोवती जाळ, आणि हाडांच्या सापळ्याचा वेश घातलेला एक दुष्ट जादूगार. तो बायकांना हवेत तरंगवतो, जाळून नाहीशा करतो. बायकांना चिमुकल्या करून काचेच्या बाटल्यांत कोंडतो आणि त्या बाटल्या प्रेक्षकांजवळ आणून दाखवतो. एवढ्यात एक चांगली शक्ती तिथे येते, ती म्हणजे ज्युलियेन. ती त्याचा एकेक डाव उधळते. तो चिडतो, पुन्हा नवा खेळ मांडतो, ती पुन्हा उधळते. शेवटी ती त्याचाच नुसता हाडांचा सांगाडा करून टाकते. सगळा सिनेमा लाल, पिवळ्या, निळ्या रंगांनी पेटलेला आहे. बायकांना बाटलीत भरणाऱ्याला बाईने धडा शिकवला, हे पाहून त्या वेळच्या बायकांना काय वाटलं असेल, ते तुम्हीच मनात आणा.

दुसरा १९०८ चा, ‘आजचा मूर्तिकार’. यात ज्युलियेन छान वेश करून आपल्यासमोर उभी राहते आणि एकेक मूर्ती दाखवते. मग टेबलावर मातीचा गोळा येतो. कुणाचा हात न लागता ती माती उठते, वळते, आकार घेते. मातीची एक म्हातारी तयार होते आणि हलायला लागते. कुंभाराच्या घरातल्या मैत्रिणींना विचारते, एका मूर्तीला किती वेळ लागतो? इथे दर फोटोला माती थोडी थोडी बदलायची होती. म्हणजे एक नव्हे, शेकडो मूर्ती घडवल्यासारखंच काम.

या सिनेमांवर नटनट्यांची नावं नसायची. तो रिवाजच नव्हता. सिनेमाचं नाव असायचं आणि कंपनीचं चिन्ह असायचं. पाते कंपनीचं चिन्ह होतं कोंबडा. दुसऱ्या कुणी आपली फिल्म चोरून स्वतःची म्हणून दाखवू नये, म्हणून कंपनी हा कोंबडा पाट्यांवर छापायची, कधी कधी सिनेमातल्या भिंतीवरसुद्धा लावायची. म्हणजे बघा, भिंतीवर कोंबड्याला जागा होती आणि पुढे उभ्या असलेल्या बाईच्या नावाला नव्हती. आज आपण ज्युलियेनला ओळखतो ते कशावरून? नंतरच्या अभ्यासकांनी जुन्या फिल्मा पुन्हा पुन्हा पाहिल्या, चेहरे जुळवले, कागदपत्रं शोधली आणि तिचं नाव तिला परत दिलं.

चोमोन १९१० मध्ये पुन्हा बार्सिलोनाला आला, तिथून १९१२ मध्ये इटलीतल्या तुरीन शहरात गेला. तिथे १९१४ च्या ‘काबिरिया’ या भव्य सिनेमावर त्याने काम केलं. पुढे फ्रान्समध्ये ‘नेपोलियन’ या १९२७ च्या गाजलेल्या सिनेमातही त्याचा हात होता. १९२९ मध्ये पॅरिसमध्ये तो वारला. बोलपट आले आणि जुने मुके सिनेमे लोक विसरले. बराच काळ चोमोनचंही नाव विस्मरणात गेलं होतं. मग ज्युलियेनचं काय सांगावं! पडद्यावरचं तिचं काम तर १९१० च्या आसपासच संपलं होतं.

आणि फिल्मा तरी कुठे टिकल्या? त्या वेळची फिल्म नायट्रेट नावाच्या पदार्थाची असे. ती रॉकेलसारखी पेटायची. कित्येक फिल्मा जळून गेल्या. कित्येक जुन्या झाल्या म्हणून लोकांनी त्या वितळवून त्यांतली चांदी काढून घेतली. स्पेनच्या मुक्या सिनेमांतले बहुतेक असेच गेले. एलेना जॉर्दी नावाची स्पेनची एक नटी होती. रंगभूमीवर स्वतःची कंपनी चालवणारी, धीट बाई. तिने १९१८ मध्ये ‘थाइस’ नावाचा सिनेमा स्वतः दिग्दर्शित केला. स्पेनमधली पहिली स्त्री दिग्दर्शक म्हणून तिचं नाव घेतात. पण तो सिनेमा आज कुणालाच पाहता येत नाही, कारण त्याची एकही प्रत उरलेली नाही.

तरी कधी कधी माळ्यावरच्या जुन्या ट्रंकेत लग्नातलं लुगडं सापडावं, तसं काहीतरी सापडतं. मघाशी मी मेलिएसचं नाव घेतलं. त्याचा १९०२ चा ‘चंद्राची सफर’ हा सिनेमा जगभर प्रसिद्ध आहे. त्याची हाताने रंगवलेली प्रत उरलीच नाही असं सगळे धरून चालले होते. १९९३ मध्ये ती बार्सिलोनात मिळाली. फिल्मचे वेटोळे एकमेकांना चिकटून दगडासारखे घट्ट झाले होते. फार सावकाश, ओल्या पापडाचा थर सोडवावा तसे एकेक पदर सोडवले. एकूण १३,३७५ फोटो. कित्येक वर्षांच्या खटपटीनंतर २०११ मध्ये फ्रान्सच्या कान गावी तो सिनेमा पुन्हा पूर्ण रंगांत लोकांनी पाहिला. त्यात चंद्रावर यान सोडतानाचा एक झेंडा आहे. तो फ्रान्सचा नाही, स्पेनच्या झेंड्याच्या लाल-पिवळ्या रंगांत रंगवलेला आहे. म्हणजे ही प्रत स्पेनच्या प्रेक्षकांसाठी होती, हे रंगावरून कळलं. ती कोणी रंगवली हे मात्र अजून कोणालाही सांगता आलेलं नाही. १३,३७५ वेळा कुंचला फिरला, आणि फिरवणाऱ्या हातांनी मागे ठेवलेली खूण एकच, त्या झेंड्याचा रंग.

मैत्रिणींनो, हे ऐकताना मला आपल्या मातीतली एक बाई आठवते. दादासाहेब फाळके आपल्याला ठाऊक आहेत. सिनेमाला पैसे मिळावेत म्हणून त्यांनी १९१२ मध्ये आधी एक छोटी फिल्म करून दाखवली. कुंडीत वाटाणा पेरला, आणि रोज थोडे थोडे फोटो घेत रोप वर येताना दाखवलं. ‘अंकुराची वाढ’ असं तिचं नाव. युक्ती तीच, विजेच्या हॉटेलातल्या वेणीची. थांबत थांबत दांडा फिरवायचा. आणि फाळक्यांच्या घरी सरस्वतीबाई होत्या. त्या काळी फिल्मच्या पट्टीला कडेची भोकं घरी पाडावी लागत. सरस्वतीबाई ती अंधारात बसून पाडायच्या, फिल्म धुवायच्या, औषधांची मिश्रणं करायच्या आणि वर साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक. १९१३ मध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आला. त्यातल्या तारामतीचं कामसुद्धा साळुंके नावाच्या पुरुषाने केलं, कारण सिनेमात उभी राहायला बाई मिळाली नाही. पडद्यावर बाई नव्हती, पण पडद्यामागे होती. ज्युलियेन आणि सरस्वतीबाई एकमेकींना कधी भेटल्या नाहीत. भेटल्या असत्या तर भाषा अडली असती, काम अडलं नसतं. दोघींच्या बोटांना फिल्मची ओळख होती.

आता हे सगळं दुपारच्या वेळी तुम्हाला का सांगितलं?

आपल्या घरात रोज कितीतरी कामं ‘आपोआप’ होतात. माठ आपोआप भरतो. चुलीपुढे जळण आपोआप येतं. शर्टाची तुटलेली गुंडी आपोआप लागते. गोठ्यातलं शेण आपोआप उचललं जातं. फोटोत हात दिसत नाही, म्हणून तो नसतो असं होत नाही.

गटाच्या पाकिटावर आपण गटाचं नाव छापतो, चिन्ह छापतो. तो आपला कोंबडा! तो हवाच, त्यावरच माल विकला जातो. पण गटाच्या वहीत आणखी एक पान करा. मसाला कुणी भाजला, कांडप कुणी केलं, पापड कुणी लाटले, उन्हात राखण कुणी केली, पाकिटं कुणी भरली. नावासकट लिहा, तारीख घाला. सासूने शिकवलेली पद्धत असेल तर सासूचंही नाव लिहा. ‘सौ.’ लावून नवऱ्याचं नाव लिहू नका, तिचं स्वतःचं नाव लिहा. पन्नास वर्षांनी कुणी ती वही उघडली, तर चेहरे जुळवत बसायची पाळी त्यांच्यावर येऊ नये.

आणि घरी मोबाईलवर कुणी सिनेमे पाहत असेल, तर त्याला ‘एल ओतेल एलेक्त्रिको’ शोधायला सांगा. आठ-नऊ मिनिटांचा आहे, भाषा यावी लागत नाही. नातवंडांना जवळ घेऊन बघा. बॅगा चालायला लागल्या की पोरं हसतील. खुर्चीवर बसलेल्या बाईची वेणी सुरू झाली की त्यांना सांगा, ही ज्युलियेन मात्यू. आणि विचारा, सांगा बरं, ही वेणी कुणी घातली?

चला, पाण्याची वेळ झाली असेल. येते मी. नमस्कार.